सोलापुरात घर कोण घेतंय, आणि घेतल्यावर ते सांभाळायला काय लागतं?

आसरा_चौक (धागाकर्ता)

मंडळी, घरकर्जाच्या फायली तपासणं हे माझं रोजचं काम. बँकेचं नाव इथे घेत नाही, त्याची गरजही नाही. एक गोष्ट बरीच वर्षं मनात आहे म्हणून धागा काढतोय. माणूस बिल्डरशी पन्नास रुपये चौरस फुटासाठी तासभर घासाघीस करतो. पण चावी हातात आल्यावर दरवर्षी किती जाणार, हा हिशेब फायलीत कुठंच दिसत नाही. तो विचारला तर घरातली माणसं एकमेकांकडे बघतात. मला याची खरंच काळजी वाटते, कारण हप्ता थकायला सुरुवात होते ती बहुतेक वेळा इथूनच.

आधी घेणारे कोण ते सांगतो. हे माझ्या टेबलावरचं चित्र आहे, सर्वेक्षण नाही.

पुण्यात, हैदराबादला नोकरी करणारी सोलापूरची मुलं-मुली हा मोठा गट. स्वतः राहायला येणार नसतात, घर आई-वडिलांसाठी असतं. साखर पेठेतला किंवा भवानी पेठेतला जुना जिना वडिलांना चढवत नाही, मग लिफ्टवाला फ्लॅट बघितला जातो. दुसरा गट पगारदारांचा: शिक्षक, रेल्वेवाले, दवाखान्यातल्या सिस्टर. यात आता नवरा-बायको दोघांच्या पगारावर कर्ज काढणं नेहमीचं झालंय. तिसरे मोहोळ, मंगळवेढा, अक्कलकोट, बार्शीकडचे शेतकरी. ऊस-द्राक्षाचा पैसा आला की पोरांच्या शाळेसाठी शहरात घर घेतात, आजी आणि नातवंडं इथं, बाकीचे गावाकडं. यंत्रमाग आणि युनिफॉर्मच्या धंद्यातले लोक फ्लॅटकडे फारसे वळत नाहीत. त्यांना खाली कारखाना-गोडाऊन आणि वर घर असं लागतं, म्हणून ते प्लॉट शोधतात.

'आमच्याकडे सगळ्यांचं स्वतःचं घर असतं' असं आपण म्हणतो. २०११ च्या जनगणनेत देशातल्या शहरी कुटुंबांपैकी साधारण ६९ टक्के कुटुंबं स्वतःच्या घरात होती, ही गोष्ट खरी. पण त्या मोजणीत आजोबांच्या वाड्यातली एक खोलीसुद्धा 'स्वतःचं घर' धरली जाते. तीन भावांत एक वाडा असला तरी तिन्ही चुली मालकाच्याच. त्यामुळे आकडा बघून घराची गरज भागली असं समजू नका.

आता हिशेब. धरा, महापालिका हद्दीत ३० लाखांचा फ्लॅट, बांधकाम चालू आहे. बँक ८० टक्के देते म्हणजे २४ लाख. लोक म्हणतात, ६ लाख जमवले की झालं. झालं नाही! मुद्रांक ६ टक्के म्हणजे १ लाख ८० हजार. नोंदणी फी १ टक्का, जास्तीत जास्त ३० हजार, म्हणजे इथं पूर्ण ३० हजार. जीएसटी १ टक्का, आणखी ३० हजार. ६ लाखांचे ८ लाख ४० हजार झाले, आणि मुद्रांक-नोंदणीला बँक कर्ज धरत नाही. बँकेची प्रोसेसिंग फी, वकील, वीजमीटर, पंखे-कपाटं हे वेगळंच. ज्यांनी हे २ लाख ४० हजार आधी बाजूला ठेवलेले नसतात, ते सोनं गहाण ठेवतात नाहीतर वैयक्तिक कर्ज काढतात. घरकर्जाचा पहिला हप्ता जायच्या आत दुसरा हप्ता डोक्यावर येतो.

२४ लाख, ८ टक्के, २० वर्षं: हप्ता २०,०७५ च्या आसपास. एकूण परतफेड ४८ लाखांवर जाते. दर एक टक्का वाढला तर हप्ता २१,५९० होतो. दर वाढतो-कमी होतो, हे गेल्या काही वर्षांत सगळ्यांनी बघितलंय. रेपो, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो दर, २०२० मध्ये ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ ला साडेसहा झाला, २०२५ मध्ये उतरत उतरत सव्वापाचवर आला. वाढीच्या काळात बऱ्याच जणांचा हप्ता तोच राहिला आणि मुदत गुपचूप लांबली. आपलं कर्ज किती महिन्यांचं उरलंय, हे वर्षातून एकदा बँकेत जाऊन लेखी मागा.

घरात राहणाऱ्यांनी आपापला खरा खर्च इथे लिहावा ही विनंती.

सैफुलकर

धागा काढल्याबद्दल धन्यवाद. माझ्या मते सोलापुरात पहिला खर्च पाण्याचा, बाकी सगळे नंतर.

उजनीचं पाणी शंभरावर किलोमीटर पाईपातून येतं. नळाला रोज पाणी येणारं हे शहर नाही, चार-पाच दिवसांआड पाणी ही आपली जुनी सवय. म्हणून इथल्या घराला खाली हौद, वर टाकी, मध्ये मोटार लागतेच. बंगला असेल तर हौदाची साईज आधी ठरवा, मग हॉलची. माणशी रोजचं पाणी धरून किमान सहा दिवस पुरेल एवढा हौद हवा. प्लॅन काढताना तो पार्किंगखाली सरकवला जातो आणि लहान होतो.

फ्लॅटमध्ये वेगळीच तऱ्हा. बोअर मार्चपर्यंत साथ देतं, एप्रिलपासून टँकर. टँकरचं बिल मेंटेनन्समध्ये येत नाही, ते वेगळं गोळा होतं, आणि भांडणं तिथंच सुरू होतात. तळमजल्यावर दोन म्हातारी माणसं, वरच्या मजल्यावर सात जणांचं कुटुंब, वर्गणी सारखीच. बोअरचं पाणी जड. गीझरची कॉईल, वॉशिंग मशीन, बाथरूमचे नळ सगळ्यांवर पांढरा थर बसतो. प्लंबर हा आमच्या इमारतीत पाहुण्यासारखा येत-जात असतो.

घर बघायला जायचं तर मे महिन्यात जा. बिल्डरला नाही, वॉचमनच्या बायकोला विचारा की टँकर आठवड्याला किती येतात. तिला नेमकं माहीत असतं.

शेंगाचटणी

आसराचौक अण्णा, सगळं पटलं, पर मला एक सांगा. २० हजार हप्ता भरायचा आन तसल्याच फ्लॅटला भाडं हप्त्याच्या निम्मंबी नाही. मग लोकं कर्ज कशाला काढायलेत? मी विजापूर रोडला भाड्यानं राहायलोय, मालक चांगलाय, उरलेले पैसे दर महिन्याला बाजूला टाकायलोय. घरचे म्हणतात 'स्वतःचं घर कर की बे', सोयरीक जमवायला गेलं तरी पयला प्रश्न तोच. हिशेबानं बघितलं तर भाडंच परवडतंय. चुकतंय का काय माझं?

आसरा_चौक

शेंगाचटणी, तुमचा हिशेब बरोबर आहे, एका अटीवर: उरलेले पैसे खरोखर बाजूला पडत असतील तर. तुमचे पडतायत, म्हणून तुम्हाला घाई करायचं कारण नाही. सोलापुरात किमती पुण्यासारख्या धावत नाहीत, त्यामुळे 'आत्ता नाही घेतलं तर कधीच नाही' हे वाक्य इथं लागू नाही.

पण भाड्याला एक बाजू आहे जी आकड्यात मावत नाही. ११ महिन्यांचा करार, मग मालकाच्या मुलाचं लग्न ठरतं आणि घर सोडावं लागतं. मुलं शाळेत असली की हे फार जाचतं. ज्यांना बदलीची नोकरी आहे किंवा पुढच्या पाच वर्षांत पुण्याला जायचं घाटतंय, त्यांनी भाड्यानंच राहावं असं मी स्पष्ट सांगतो. ज्यांचा धंदा, शाळा, आई-वडील सगळं इथंच आहे त्यांनी घ्यावं, पण हप्ता घरात येणाऱ्या पैशाच्या एक तृतीयांशावर जाऊ देऊ नये. बँक त्याहून जास्त कर्ज देईल. बँक देते म्हणून घेऊ नका.

आणि करसवलतीच्या जोरावर घर घेऊ नका. नव्या करप्रणालीत स्वतः राहायच्या घराच्या व्याजाची २ लाखांची वजावट मिळत नाही, मुद्दलावरची ८०सी ची वजावटसुद्धा नाही. 'टॅक्स वाचतो' हे अजून साईट ऑफिसात सांगतात.

हुतात्मा_एक्सप्रेस

मी त्या पहिल्या गटातली. नोकरी पुण्यात, आई-बाबांसाठी जुळे सोलापूरमध्ये फ्लॅट घेतला. दोन गोष्टी सांगते, ज्या कुणी सांगितल्या नव्हत्या.

पहिली नावाची. घर एकट्या महिलेच्या नावावर घेतलं तर मुद्रांकात १ टक्का सवलत मिळते, १ एप्रिल २०२१ पासून. आधी पंधरा वर्षं पुरुषाला विकायचं नाही अशी अट होती, ती २०२३ मध्ये निघाली. नवऱ्याचं नाव सोबत घातलं की सवलत नाही. मी माझ्या एकटीच्या नावावर घेतलं, ३० हजार वाचले आणि ते हौदाला पंप बसवण्यात गेले. घरात यावर थोडी कुजबुज झाली, पण माझ्या पगारातून हप्ता जातो, नाव माझंच राहणार.

दुसरी सोसायटीची. आई-बाबा काही महिने माझ्याकडे पुण्याला राहिले तेव्हा कमिटीने बिनभोगवटा शुल्क लावायचा विचार चालवला. नियम असा की ते शुल्क घर भाड्याने दिल्यावर लागतं, तेही सेवाशुल्काच्या १० टक्क्यांहून जास्त घेता येत नाही. मालकाचे जवळचे नातेवाईक राहत असतील तर नाही. मी उपविधींची, म्हणजे सोसायटीच्या नियमांची, प्रत काढून सभेत वाचली, विषय मिटला. बाहेरगावी राहणाऱ्या मालकांनी उपविधी घरात ठेवावेत.

बाकी लांबून घर सांभाळणं सोपं नाही. बाबांना व्हॉट्सअॅपवर पावती पाठवता येत नाही, घरपट्टीची मुदत कळत नाही. आता महापालिकेची घरपट्टी मी ऑनलाईन भरते. लवकर भरणाऱ्याला सूट असते ती चुकवू नका.

दस्त_आणि_फेरफार

वकिली करतो, त्यामुळे कागदाचं बोलतो.

१९९२ च्या हद्दवाढीत आजूबाजूची गावं शहरात आली. बाळे, केगाव, शेळगी, मजरेवाडी, सोरेगाव, यादी मोठी आहे. त्या भागात वर्षानुवर्षं शेतजमिनीचे गुंठे पाडून विकले गेले. एनए (बिनशेती परवानगी) नाही, मंजूर लेआऊट नाही, सातबाऱ्यावर पंचवीस नावं, आणि प्रत्येकाच्या हातात शंभर रुपयांच्या स्टॅम्पवर लिहिलेला कागद. अशा प्लॉटवर लोकांनी पै पै जमवून घरं बांधली आहेत. गुंठेवारीचा कायदा २००१ चा. २०२१ मध्ये त्यात बदल होऊन ३१ डिसेंबर २०२० पर्यंतच्या गुंठेवारी भूखंडांना नियमित होण्याची वाट मिळाली. अर्ज, मोजणी, प्रशमन शुल्क (नियमित करून घेण्याचा दंड), विकास शुल्क हा खर्च आहे. तो विक्रेत्याने भरलाय की तुमच्या गळ्यात पडणार, हे इसार द्यायच्या आधी विचारा. स्वस्त प्लॉट का स्वस्त आहे याचं उत्तर बहुतेक वेळा इथं मिळतं.

जुना वाडा किंवा वडिलोपार्जित घर घेताना बहिणींच्या सह्या. २००५ पासून मुलीला मुलाइतकाच हक्क आहे. 'बहिणी काही मागत नाहीत हो' या वाक्यावर व्यवहार करू नका. नोंदणीकृत हक्कसोडपत्र मागा. आणि भावांनो, बहीण सही देते म्हणजे आपला हिस्सा सोडते, तिला नीट समजावून, विचारून सही घ्या. घाईघाईत गाडीत बसवून आणलेल्या बहिणी मी नोंदणी कार्यालयाबाहेर बघितल्या आहेत, फार वाईट वाटतं.

घर मुला-मुलीच्या किंवा नवरा-बायकोच्या नावे हयातीतच करायचं असेल तर राहत्या घराच्या बक्षीसपत्राला मूळ मुद्रांक फक्त २०० रुपये आहे, स्थानिक अधिभार वेगळा. पण म्हाताऱ्या माणसांनी स्वतःला शेवटपर्यंत राहायचा हक्क त्या दस्तात लिहून घेतल्याशिवाय सही करू नये.

नव्या इमारतीत महारेराकडची, म्हणजे राज्याच्या गृहप्रकल्प नियामकाकडची, नोंदणी बघा. जागा ५०० चौरस मीटरच्या वर आणि फ्लॅटही आठपेक्षा जास्त असतील तर नोंदणी लागते. आपल्याकडे मुद्दाम सहा-आठ फ्लॅटच्या लहान इमारती बांधल्या जातात, तिथं रेराचं नोंदणी-संरक्षण नाही, मग सगळी भिस्त करारावर. नोंदणी असलेल्या ठिकाणी करार नोंदवण्याआधी बिल्डर १० टक्क्यांहून जास्त घेऊ शकत नाही. ताब्यानंतर पाच वर्षांत बांधकामातला दोष निघाला तर तो त्याने विनामूल्य दुरुस्त करायचा.

कुंभारी_नाका

वरच्या सगळ्या चर्चेत ३० लाख, २४ लाख वाचून लिहावंसं वाटलं. सोलापुरात घर घेणाऱ्यांत विडी वळणाऱ्या बायका पण आहेत, त्यांना सोडून ही चर्चा अर्धी राहील.

माझी आई विडी कामगार. आम्ही दहा बाय बाराच्या भाड्याच्या खोलीत वाढलो. तिथंच स्वयंपाक, तिथंच तंबाखू, तिथंच अभ्यास. कुंभारीला कामगार नेते आडम मास्तरांच्या पुढाकाराने विडी कामगार महिलांसाठी १० हजार घरांची गोदूताई परुळेकर वसाहत झाली, २००६ मध्ये तेव्हाचे पंतप्रधान मनमोहन सिंग यांच्या हस्ते चाव्या दिल्या गेल्या. नंतर रे नगर, ३० हजार घरांचा प्रकल्प. विडी, यंत्रमाग, शिलाई, कचरा वेचणारे, रिक्षावाले अशा असंघटित कामगारांसाठी. १९ जानेवारी २०२४ ला पंतप्रधान मोदींच्या हस्ते त्यातल्या १५ हजार घरांचं लोकार्पण झालं. प्रधानमंत्री आवास योजनेत केंद्राचे दीड लाख, राज्याचा १ लाख, बाकी कामगाराचा हिस्सा.

घर साधारण तीनशे चौरस फुटांचं. पण आईच्या नावावर उतारा आहे. ती रेशनकार्डापेक्षा तो उतारा जास्त जपते. माझ्या मामीला नवऱ्याने घराबाहेर काढलं होतं, आईला कुणी काढू शकत नाही. हे कुठल्या हप्त्याच्या तक्त्यात बसत नाही, तरी मला ते सगळ्यात मोठं वाटतं.

खर्च मात्र आहे, आणि तो जाण्या-येण्याचा आहे. काम शहरात, घर अक्कलकोट रोडला. विडीचं पान-तंबाखू आणायला आणि माल द्यायला कारखान्याची शाखा जवळ असेल तरच परवडतं. शिलाईला शहरात जाणाऱ्या बायकांची मजुरी रिक्षात जाते. दवाखाना, बारावीचं कॉलेज, रात्रीची बस याचा विचार घराबरोबरच व्हायला हवा. घर फुकट मिळालं तरी रोजचं भाडं रिक्षाला द्यावं लागलं तर ते घर महागच पडतं.

शेंगाचटणी

कुंभारी_नाका ताई, लई चांगलं लिहिलंत. माझी आजी पण विडीच वळायची.

शहाबादी_फरशी

सिव्हिलचं काम करतो. सोलापूरचं ऊन हा घराच्या खर्चाचा भाग आहे, तो कुणी धरत नाही.

जुन्या माळवदाच्या (मातीच्या जाड छताच्या) घरात मे महिन्यात दुपारी झोप लागायची. आता वरच्या मजल्याच्या फ्लॅटला डोक्यावर उघडा स्लॅब, पश्चिमेला काचेची मोठी खिडकी. पारा ४३-४४ ला गेला की स्लॅब रात्री बारापर्यंत तापलेला असतो. मग एसी, मग वीजबिल. वरचा मजला स्वस्त मिळाला तर तो फरक उन्हाळ्याच्या बिलात आणि वॉटरप्रूफिंगमध्ये जाणार, हे धरून घ्या. गच्चीवर चिनी मोझॅक किंवा पांढरा उष्णतारोधक रंग, पश्चिमेला छज्जा, एवढं केलं तरी खोली बरीच सुसह्य होते.

रो हाऊस किंवा बंगला असेल तर सौर पॅनेल बसवा. पीएम सूर्यघर योजनेत ३ किलोवॅटला ७८ हजारांपर्यंत अनुदान आहे. सोलापुरात ऊन भरपूर, त्याचा एवढा तरी उपयोग होऊ दे. पण गच्ची तुमच्या एकट्याच्या मालकीची हवी. अपार्टमेंटमध्ये गच्ची सामाईक असते, आधी सगळ्यांची संमती.

आणि सिंकिंग फंड, म्हणजे इमारतीच्या पुढच्या मोठ्या कामांसाठी सोसायटीने साठवायचा पैसा. आदर्श उपविधींप्रमाणे बांधकाम खर्चाच्या किमान पाव टक्का दरवर्षी सिंकिंग फंड आणि पाऊण टक्का दुरुस्ती निधी जमा व्हायला हवा. फ्लॅटचा बांधकाम खर्च १५ लाख धरला तर वर्षाला १५ हजार, महिना साडेबाराशे. आपल्याकडे किती इमारती एवढे गोळा करतात? वॉचमन, लिफ्ट आणि जिन्यातला दिवा एवढ्यालाच वर्गणी. पंधरा वर्षांनी बाहेरून प्लास्टर सुटतं, पाईप गंजतात आणि एकदम घरटी मोठी रक्कम मागितली जाते. तोवर निम्मे मालक निवृत्त झालेले असतात. जुना फ्लॅट घेताना सोसायटीचं बँक पासबुक बघायला मागा. नवा रंग बघून भुलू नका.

सैफुलकर

पासबुकाचं अगदी बरोबर. आमच्याकडे लिफ्टची दोरी बदलायची वेळ आली तेव्हा खात्यात काही नव्हतं.

होटगी_रोड

आमच्या भागात विमानतळामुळे भाव चढवून सांगतायत. जून २०२३ मध्ये विमानांच्या वाटेत येणारी साखर कारखान्याची चिमणी पाडली, जून २०२५ मध्ये गोव्याचं विमान सुरू झालं, तेव्हापासून प्रत्येक प्लॉट 'एअरपोर्ट टच'. विमानतळ झाला याचा मला आनंदच आहे. पण या भागात मजले चढवायचे तर उंचीची परवानगी लागते, ती न बघता 'पुढे चार मजले टाकू' या भरवशावर प्लॉट घेऊ नका.

नवीन_संसार

नमस्कार. पहिल्यांदाच लिहितेय. लग्नाला दोन वर्षं झाली, दोघांचं मिळून वर्षाचं उत्पन्न ८ लाखांच्या आत. सासऱ्यांच्या नावावर अशोक चौकाजवळ जुनं घर आहे, तिथं दीर-जाऊ पण राहतात. आम्हाला ३० लाखांपर्यंतचा फ्लॅट घ्यायचाय. सासऱ्यांचं घर असल्यामुळे आवास योजनेचं अनुदान मिळणार नाही असं एकाने सांगितलं. खरं आहे का?

आसरा_चौक

नवीन_संसार ताई, तसं नाही. योजनेत कुटुंब म्हणजे नवरा, बायको आणि अविवाहित मुलं. सासऱ्यांचं घर सासऱ्यांच्या नावावर आहे, तुम्हा दोघांच्या नावावर देशात कुठंही पक्कं घर नसेल तर तुम्ही अर्ज करू शकता. मात्र सासऱ्यांनी त्या घराला तुमच्या यजमानांचं नाव आधीच लावलेलं नाही ना, हे मिळकत पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड) काढून बघा. बऱ्याच घरांत नाव चढलेलं असतं आणि मुलाला माहीतही नसतं.

प्रधानमंत्री आवास योजना शहरी २.० मध्ये वार्षिक उत्पन्न ९ लाखांपर्यंत, घराची किंमत ३५ लाखांपर्यंत, कर्ज २५ लाखांपर्यंत अशा मर्यादा आहेत. पहिल्या ८ लाखांच्या कर्जावर ४ टक्के व्याज अनुदान, जास्तीत जास्त १ लाख ८० हजार, पाच वार्षिक हप्त्यांत. एकरकमी मिळत नाही, त्यामुळे ते पैसे आगाऊ रकमेत धरू नका. कर्ज १ सप्टेंबर २०२४ नंतर मंजूर झालेलं हवं. घरावर तुमचं नाव असू द्या, एकटीचं किंवा दोघांचं. एकटीचं असेल तर वर हुतात्मा ताईंनी सांगितलेली मुद्रांकाची सवलतही मिळेल, पण मग कर्जात यजमान सहकर्जदार राहतील की नाही ते बँकेत आधी बोलून घ्या.

पुढच्या महिन्यात घरं बघायला सुरुवात करणार असाल तर प्रत्येक ठिकाणी तीनच कागद मागा: मंजूर नकाशा, भोगवटा प्रमाणपत्र, म्हणजे इमारत वापरायला महापालिकेने दिलेला दाखला (तयार इमारत असेल तर) आणि नळजोडणीची पावती. जिथं भोगवटा नाही तिथं नळ कुणाच्या नावावर आहे हेही विचारा. बांधकामासाठी घेतलेल्या तात्पुरत्या जोडणीवर वर्षानुवर्षं चालणाऱ्या इमारती आहेत. तुमचा हिशेब इथं टाका, आकडे मी तपासून देतो.

नवीन_संसार

खूप आभार दादा. मिळकत पत्रिका सोमवारी काढायला सांगते ह्यांना. शेळगीला एक बघितलाय, तिथं हौद किती लिटरचा आहे ते उद्या विचारून इथं लिहिते.